ढेकूळ, पान आणि चिमूटभर चुना : मलयाळम कार्टूनमधले प्रेम

मलयाळम घरात वाढणाऱ्या मुलाला शाळेत जाण्यापूर्वी जी गोष्ट हमखास ऐकायला मिळते, तिच्यात नायक नाही, नायिका नाही आणि लग्नही नाही. एक मण्णांकट्टा, म्हणजे मातीचे ढेकूळ, आणि एक करियिला, म्हणजे वाळलेले पान, असे दोघे मिळून काशीयात्रेला निघतात. वाटेत पाऊस येतो तेव्हा पान ढेकळावर आडवे होते, म्हणून ढेकूळ विरघळत नाही. वारा सुटतो तेव्हा ढेकूळ पानावर बसते, म्हणून पान उडून जात नाही. असे एकमेकांना सांभाळत दोघे बरेच अंतर कापतात, आणि मग एके दिवशी वारा आणि पाऊस एकदमच येतात. पान उडून जाते, ढेकूळ विरघळून जाते आणि गोष्ट संपते.

केरळात या गोष्टीची कार्टून कितीतरी वेळा झाली आहेत, कारण ती काढायला सोपी आहे. तपकिरी गोळ्याला दोन डोळे, पानाला दोन डोळे आणि मागे सरकणारी वाट एवढ्यावर भागते. तिच्यात 'प्रेम' हा शब्द एकदाही येत नाही, पण मलयाळम कार्टूनमध्ये प्रेम आणि नाती कशी दाखवली जातात हे समजून घ्यायचे असेल, तर माझ्या मते सुरुवात इथूनच करावी. या कार्टूनमध्ये प्रेम बोलून दाखवले जात नाही. कोण कोणाला काय म्हणून हाक मारतो, कोण कोणाला जेवलास का असे विचारतो, कोण कोणाशी भांडून पुन्हा त्याच घरात परततो, यांतून ते ओळखायचे असते. ही ओळखण्याची रीत ठाऊक नसेल, तर मराठी प्रेक्षकाला त्यात प्रेम दिसतच नाही, किंवा जिथे नाही तिथे ते दिसू लागते.

पहिला गोंधळ शब्दांचा होतो. मलयाळम आणि मराठी या दोन्ही भाषांनी संस्कृतातून भरपूर शब्द घेतले, पण घेतल्यावर त्यांना आपापल्या घरचे वळण लावले. मलयाळममध्ये 'स्नेहम्' हा मायेचा सर्वात मोठा शब्द आहे. आईचे मुलावरचे, मित्राचे मित्रावरचे आणि नवरा-बायकोचे एकमेकांवरचे प्रेम या सर्वांना तो चालतो. आपल्याकडे 'स्नेह' म्हटले की स्नेहसंमेलन किंवा फार तर जुने स्नेही आठवतात. 'प्रणयम्' हा शब्द तिथे तरुण मुला-मुलीच्या साध्या, सरळ प्रेमासाठी वर्तमानपत्रातही सर्रास वापरला जातो. मराठीत मात्र 'प्रणय' म्हणताच आवाज खाली येतो. 'कल्याणम्' म्हणजे लग्न. त्यामुळे एखाद्या कार्टूनच्या नावात 'कल्याणम्' दिसले, तर ते उपदेशपर असेल असे समजू नये, त्यात बहुधा वाजंत्री असते. 'संबंधम्' या शब्दाला तर इतिहास आहे. नायर समाजात पूर्वी स्त्री-पुरुषांच्या ज्या विवाहसदृश नात्याला मान्यता होती, त्याचेच ते नाव होते.

मात्र एका बाबतीत दोन्ही भाषा सख्ख्या बहिणी वाटाव्यात इतक्या जवळ येतात. मलयाळममध्ये प्रेम कबूल करताना बहुतेक वेळा 'एनिक्कु निन्ने इष्टमाणु' असे म्हणतात. शब्दशः पाहिले तर 'मला तू इष्ट आहेस'. आपणही 'मला तू आवडतोस' किंवा 'मला तू आवडतेस' असेच म्हणतो. प्रेम करणारा माणूस वाक्यात कर्ता म्हणून पुढे येत नाही, 'मला' म्हणून बाजूला उभा राहतो. मलयाळम कार्टूनमध्ये प्रेमाचा उघड उच्चार होतो तेव्हा तो या 'इष्टम्'पाशीच थांबतो, आणि हाच शब्द केळ्याच्या वेफर्सबद्दलही वापरता येत असल्यामुळे कोणाचीच पंचाईत होत नाही.

आता हाक मारण्याकडे वळू, कारण सगळी खुबी तिथे आहे. मराठीत क्रियापदच पुष्कळ काही सांगून टाकते. 'आलास', 'आलीस', 'आलात' या तीन रूपांतून समोरची व्यक्ती स्त्री आहे की पुरुष, आणि बोलणारा तिला मान देतो की नाही, हे कळते. मलयाळममध्ये क्रियापद पुरुष, वचन आणि लिंग यांनुसार बदलत नाही. मी आलो, तू आलीस, ती आली, ते आले या सर्वांसाठी 'वन्नु' एवढेच रूप पुरते. त्यामुळे जवळीक, आदर, राग आणि लाड यांचा सगळा भार सर्वनामांवर आणि नात्याच्या शब्दांवर येऊन पडतो. 'नी' म्हणजे तू, 'निंगळ्' म्हणजे तुम्ही. या दोहोंच्या मधोमध 'तान्' नावाचा एक फार उपयोगी शब्द बसतो, जो बरोबरीच्या माणसांत चालतो आणि कॉलेजातल्या मुला-मुलींची ओळख वाढू लागली की हमखास ऐकू येतो. 'निंगळ्'वरून 'तान्'वर येणे हाच तिथे प्रेमकथेचा अर्धा प्रवास असतो.

परदेशी कार्टून मलयाळममध्ये आणणाऱ्यांना हे कोडे रोज सोडवावे लागते. २०११ साली सन समूहाची 'कोच्चू टीव्ही' ही मुलांची वाहिनी सुरू झाली आणि बाहेरची कितीतरी पात्रे मलयाळम बोलू लागली. डोराचे माकड तिथे 'बुज्जी' झाले, आणि चोरट्या कोल्ह्याला उद्देशून असलेले 'कुरुनरी मोष्टिक्करुतु', म्हणजे 'कोल्ह्या, चोरू नकोस', हे वाक्य इतके गाजले की आता ते वयस्क माणसेही थट्टेत एकमेकांना ऐकवतात. इंग्रजीतल्या एकाच सर्वनामाच्या जागी मलयाळममध्ये तिघांपैकी एक निवडावे लागते आणि निवड झाली की नाते ठरते. मूळ चित्रात नुसते शेजारी असलेले दोघे भाषांतरात मित्र, भावंडे किंवा त्याहून थोडे अधिक काही होऊन बसतात.

त्यातही मराठी माणूस सर्वात जास्त अडखळतो तो 'चेट्टन्' या शब्दापाशी. 'चेट्टन्' म्हणजे थोरला भाऊ. पण पुष्कळ घरांत बायको नवऱ्यालाही 'चेट्टा' अशीच हाक मारते. ख्रिस्ती घरांत 'इच्चायन्' आणि मुसलमान घरांत 'इक्का' ऐकू येते, आणि या शब्दांचाही मूळ अर्थ थोरला भाऊ हाच आहे. डोंबिवलीला आमच्या शेजारी एक मलयाळी कुटुंब राहते. त्यांच्या नातीबरोबर एकदा मी कार्टून पाहत बसलो असताना पडद्यावरची बदकीण बदकाला 'चेट्टा' म्हणाली, आणि मी त्या दोघांना भाऊ-बहीण समजून पुढची दहा मिनिटे चुकीची गोष्ट पाहिली. आजीने हसून खुलासा केला, तेव्हा कुठे घरट्यातली अंडी कोणाची हे माझ्या लक्षात आले. आपले 'अहो' जसे नाव न घेता नवऱ्याला हाक मारण्याची सोय करते, तीच सोय तिथे थोरल्या भावाचा शब्द करतो. बायकोला हाक मारण्यासाठी नाव किंवा 'एडी' असते. 'एडी' आणि पुरुषांसाठीचे 'एडा' ही शब्दांची मोठी अवघड जोडी आहे, कारण सूर मऊ असेल तर त्यात लाड असतो आणि तोच सूर चढला की शिवी होते. आवाज देणाऱ्या कलाकाराचे खरे कसब या दोन अक्षरांत दिसते.

मलयाळममधली कार्टूनची परंपरा पडद्यावर नव्हे, कागदावर रुजली. टॉम्स या नावाने चित्रे काढणारे व्ही. टी. थॉमस (१९२९–२०१६) यांची बोबन आणि मोळी ही जुळी भावंडे 'मलयाळ मनोरमा' साप्ताहिकाच्या शेवटच्या पानावर येत, आणि वाचक ते साप्ताहिक मागच्या पानापासून वाचत, असे केरळात आजही कौतुकाने सांगितले जाते. पुढे ही मंडळी ॲनिमेशनमध्येही आली. मुख्य पात्रे भाऊ-बहीण असल्यामुळे प्रेमाचा प्रश्न मुळातच मिटतो. प्रेम उरते ते मोठ्यांच्या वाट्याला, आणि तेही भांडणाच्या रूपाने. गावचे पंचायत अध्यक्ष असलेले 'चेट्टन्' आणि त्यांची बायको 'चेट्टत्ती' हे तिथले सर्वात लक्षात राहणारे जोडपे आहे. बाहेर सभा गाजवणारा हा गृहस्थ घरी आला की बायकोपुढे त्याची मांजर होते. तिचा धाक, त्याच्या पळवाटा आणि त्या दोन पोरांनी त्यात ओतलेले तेल यावर कित्येक आठवडे निघाले. तरुण प्रेमाला तिथे जागा मिळते ती आप्पी हिप्पी या लांब केसांच्या, मुलींच्या मागे फिरणाऱ्या बेकार तरुणाच्या रूपाने, आणि त्याच्या वाट्याला बहुधा फजितीच येते. म्हणजे लग्न झालेल्यांचे भांडण हे प्रेम, आणि लग्न न झालेल्याचे प्रेम हा विनोद, असा हिशेब आहे. हा हिशेब मला फार न्याय्य वाटत नाही, विशेषतः चेट्टत्तीच्या बाजूने पाहिले तर, कारण विनोदासाठी ती सदैव संतापलेलीच असावी लागते.

१९८४ पासून 'बालरमा' या मुलांच्या नियतकालिकात आलेली 'मायावी' ही चित्रकथा केरळातल्या दोन पिढ्यांनी वाचली, आणि तीही नंतर हलत्या चित्रांत उतरली. तिची सुरुवातीची चित्रे प्रदीप साठे यांची. मुंबईत 'टिंकल'मधला कालिया कावळा ज्यांनी रेखाटला, तेच हे चित्रकार. मायावी हा चांगला कुट्टिच्चात्तन्, म्हणजे खोडकर बाल-पिशाच्च, आणि त्याचे मित्र राजू आणि राधा ही दोन मुले. एक मुलगा, एक मुलगी, दोघे कायम बरोबर, आणि तरीही त्या दोघांचे 'काय चालले आहे' असा प्रश्न चाळीस वर्षांत कोणाला पडलेला नाही. उलट संसाराचा सगळा मसाला खलनायकांकडे आहे. चेटकीण डाकिनी आणि मांत्रिक कुट्टूसन् यांचे कट एकत्र शिजतात, एकत्र फसतात, आणि फसल्यावर दोघे एकमेकांवर जे दोषारोप करतात ते ऐकून कोणत्याही घरातली रविवारची सकाळ आठवावी. भाल्यावर बसून उडणारा लाल चड्डीतला लुट्टाप्पी हा त्यांचा पोर असल्यासारखा दोघांच्याही शिव्या खातो. हा लुट्टाप्पी कथेतून जाणार अशी आवई २०१९ साली उठली, तेव्हा मोठ्या वयाच्या मलयाळी वाचकांनी समाजमाध्यमांवर त्याला वाचवण्याची मोहीमच काढली. नायकासाठी असे कोणी केले असते का, याबद्दल मला शंका आहे. माया बसली होती ती त्या खलनायकांच्या घरावर.

लुट्टाप्पीला पुट्टालू नावाचा एक मामा आहे, आणि मलयाळम कथेत मामा सहज म्हणून येत नाही. 'अम्मावन्', म्हणजे आईचा भाऊ, हा केरळातल्या कित्येक समाजांत शतकानुशतके घराचा कर्ता होता. मरुमक्कत्तायम् या पद्धतीत मालमत्ता बापाकडून मुलाकडे न जाता मामाकडून भाच्यांकडे, म्हणजे आईच्या बाजूने, जात असे. १९७५ च्या कायद्याने, जो १९७६ मध्ये अमलात आला, संयुक्त हिंदू कुटुंबपद्धत केरळात संपुष्टात आणली, पण मामाचा दरारा भाषेत तसाच राहिला. जुन्या वळणाचे उपदेश करणाऱ्या कोणालाही आजची तरुण मुले चेष्टेने 'अम्मावन्' म्हणतात. मामाची मुलगी 'मुरप्पेण्णु', म्हणजे जिच्यावर लग्नाचा हक्क आहे अशी मुलगी. महाराष्ट्रातही अनेक समाजांत मामाची मुलगी करण्याची चाल असल्याने आपल्याला हे परके वाटू नये. जुन्या काळातल्या गोष्टीच्या कार्टूनमध्ये मामाच्या घरी राहायला गेलेला मुलगा आणि तिथली मुलगी परसात आंबे वेचताना दिसली, तर मलयाळी आजीला पुढचे सगळे कळलेले असते, आणि नातवाला आंबे दिसतात.

मलयाळम लोककथेत प्रेमाची धग नाही असे मात्र अजिबात नाही. कोट्टारत्तिल शंकुण्णी यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी 'ऐतिह्यमाला' या नावाने केरळातल्या दंतकथा एकत्र केल्या, आणि मुलांसाठी कार्टून करणारे आजही त्या खाणीतून दगड काढत असतात. त्यातली यक्षी ही पांढऱ्या वस्त्रातली, मोकळ्या केसांची सुंदर स्त्री रात्री एकट्या वाटसरूला गाठते, त्याला आपल्या वाड्यावर नेते, आणि सकाळी तिथे ताडाचे झाड असते व बुंध्याशी केस आणि नखे पडलेली असतात. मोठ्यांसाठी ही मोहाची आणि मृत्यूची कथा आहे. मुलांना ती सांगायची तर मोहाचे काय करायचे? उत्तर मूळ कथेतच होते. यक्षी वाटसरूला थांबवते ती विड्यासाठी चुना मागून. 'थोडा चुना आहे का?' एवढाच तिचा प्रश्न असतो. मुलांच्या आवृत्तीत सगळे सौंदर्य, सगळे आमंत्रण आणि सगळा धोका त्या चिमूटभर चुन्यात मावतो. मुलाला कळते की चुना द्यायचा नाही, आणि का द्यायचा नाही हे तो मोठा झाल्यावर त्याचे त्याला उमगते. आपल्याकडे चुना लावणे म्हणजे फसवणे, हा निव्वळ योगायोग असला तरी मला तो सोडवत नाही.

याच खाणीतली दुसरी कथा वररुचीची, आणि ती माझ्या मते मुलांना दाखवता येण्याजोगी सर्वात सुंदर प्रेमकथा आहे. विद्वान वररुची एका घरी पाहुणा म्हणून जातो आणि यजमानाला विचित्र अटी घालतो. जेवणात शंभर कालवणे हवीत, जेवल्यावर तीन जणांना खायचे आहे, आणि मग चौघांनी मला उचलून धरले पाहिजे. यजमान घाबरतो. त्याची मुलगी आतून सांगते की काळजी करू नका, सगळे होईल. शंभर कालवणे म्हणजे आल्याची इंजिकरी, कारण ती एकटी शंभरांच्या तोडीची. तिघांना खायचे म्हणजे विड्याचे पान, सुपारी आणि चुना. चौघांनी उचलायचे म्हणजे चार पायांचा पलंग. मुलीने कोडे सोडवले हे ऐकून वररुची तिला मागणी घालतो. दोघांनी एकमेकांना पाहिलेलेही नसते, दोघांत घडतो तो फक्त बुद्धीचा व्यवहार, आणि तोही स्वयंपाकघराच्या दारातून. चित्रकाराला इथे काढायचे काय, तर दारामागचा आवाज आणि पानात वाढलेली आल्याची चमचाभर चटणी. कथेचा पुढचा भाग कठोर आहे. ज्या परया, म्हणजे अस्पृश्य मानलेल्या जातीच्या, मुलीशी आपले लग्न होईल हे भाकीत चुकवण्यासाठी वररुचीने जिला लहानपणी नदीत सोडायला लावले होते, तीच ही निघते. त्यांना बारा मुले होतात, त्यांतली अकरा वेगवेगळ्या जातींच्या घरांत वाढतात, आणि प्रत्येक बाळाच्या जन्मानंतर वररुची बायकोला 'तोंड आहे का?' असे विचारून, असल्यास 'तोंड देणारा अन्नही देईल' म्हणत बाळाला तिथेच सोडायला सांगतो. मुलांच्या कार्टूनमध्ये कोड्याचा भाग आणि त्या बारांपैकी डोंगरावर दगड चढवून खाली लोटणारा नारानत्तु भ्रांतन् हे पुढे येतात. त्या बाईचे पुन्हा पुन्हा रिकाम्या हाताने उठून चालू लागणे सहसा मागे राहते. मुलांना ते दाखवू नये हे मला पटते, पण ते गाळल्यावर उरलेल्या गोष्टीला प्रेमकथा म्हणताना अडखळायला होते.

हे सगळे केवळ संकोचामुळे होते असे मानण्याचे कारण नाही, त्यात धंद्याचे आणि तंत्राचेही गणित आहे. मलयाळम कार्टून घरोघर पोहोचले ते आधी सीडी-डीव्हीडीच्या रूपाने आणि नंतर यूट्यूबवरून, आणि दोन्ही वेळा निवड करणारे आईबाप होते. गल्फमध्ये किंवा मुंबईत राहणाऱ्या घरांत तर ही कार्टून मुलांच्या कानांवर मलयाळम पडावी म्हणूनही लावली जातात, त्यामुळे त्यांत गाणी, आजी, कावळा आणि ओणम् हवा असतो. तंत्राची अडचण त्याहून सूक्ष्म आहे. चित्रपटात एका सेकंदाला २४ चौकटी असतात, आणि हाताने काढलेल्या ॲनिमेशनमध्ये एक चित्र दोन चौकटी धरून ठेवले तरी सेकंदाला १२ चित्रे लागतात. कमी खर्चाच्या कामात पात्राचे हात, पाय आणि तोंड सुटे सुटे करून कळसूत्री बाहुलीसारखे हलवतात. अशा बाहुलीला भांडता येते, पळता येते, धपकन पडता येते. पण नजर किंचित उचलून पुन्हा खाली घेणे, बोलता बोलता थांबणे, हसू दाबणे या बारीक हालचालींसाठी चित्रकाराचा वेळ लागतो. प्रेम बहुतेक त्यातच असते, म्हणून ते महाग पडते.

वेळ दिला तर काय होते हे पाहायचे असल्यास 'कंडिट्टुंडु' हा लघुपट पाहावा. नावाचा अर्थ 'पाहिले आहे'. अदिती कृष्णदास यांनी दिग्दर्शित केलेला आणि मुंबईच्या स्टुडिओ ईक्सॉरसने केलेला हा मलयाळम ॲनिमेशनपट ६९ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्तम ॲनिमेशनपट ठरला. त्यात एक वृद्ध गृहस्थ, पी. एन. के. पणिक्कर, आपण पाहिलेल्या भुताखेतांच्या गोष्टी सांगतात. या स्टुडिओचे संस्थापक सुरेश एरियाट हे त्यांचे चिरंजीव. विषय भुतांचा आहे, पण बापाची थापेबाजी रेषारेषांत इतक्या मायेने जपली जाते की नात्यांवरच्या लेखात त्याचा उल्लेख टाळणे मला शक्य नव्हते.

या सगळ्याच्या विरुद्ध टोकाला आज यूट्यूबवर 'अम्मायियम्मा आणि मरुमकळ्', म्हणजे सासू-सून, या विषयावरच्या कार्टूनचा पूर आहे. मराठी प्रेक्षकाला ती ओळखीची वाटतील, कारण त्यांच्यातली पुष्कळशी चित्रे एकदाच तयार होतात आणि त्यांवर हिंदी, तेलुगू, मराठी, मलयाळम असे वेगवेगळे आवाज चढवले जातात. आवाज कोट्टयमचा आणि सुनेच्या डोक्यावर मात्र पदर, असे चित्र तिथे दिसते. केरळातल्या लग्नात नवरा-नवरीने काय ल्यावे हे ज्याच्या त्याच्या समाजावर ठरते. नायर लग्नात वर वधूला 'पुडवा', म्हणजे वस्त्र, देतो. सिरियन ख्रिस्ती लग्नात 'मंत्रकोडी' साडीतून सात धागे काढून त्यांत 'मिन्नू' नावाचे चिमुकले पदक ओवतात आणि वर ते वधूच्या गळ्यात बांधतो. मुसलमान निकाहात महर ठरतो. त्यामुळे माणसांचे लग्न काढायचे म्हटले की चित्रकाराला गळ्यापाशी येऊन थांबावे लागते, कारण तिथे काय काढले यावरून ते जोडपे कोणत्या देवळातले, चर्चमधले की मशिदीतले हे ठरून जाते आणि एका घराचे कार्टून दुसऱ्या घराला परके वाटू लागते.

म्हणून लग्ने लावायची ती प्राण्यांची. उन्हात पाऊस पडला की मलयाळी मुले 'कुरुक्कन्टे कल्याणम्' म्हणून नाचतात, आणि आपली मुलेही अशा वेळी कोल्ह्याचे लग्न लागल्याचे सांगतात. कार्टूनमध्ये हे लग्न आले की मुंडू नेसलेला कोल्हा मुंडावळ्यांशिवाय मिरवत निघतो, बेडूक चेंडा बडवतात, कावळे वऱ्हाडी होतात, केळीच्या पानाची छत्री धरून नवरी शेजारून चालते, आणि तिच्या गळ्यात काय बांधले आहे हे कोणी विचारत नाही.